भोंग्याची पट्टी

आश्रमशाळा, पेठच्या पलीकडे
९ जानेवारी २०२५

प्रिय कुंदन,

सुखरूप पोचले. सावळ घाटात एक ट्रक आडवा झाला होता, म्हणून उशीर. मुली जेवायच्या थांबल्या होत्या. शिकवायच्या जोडीला वसतिगृहाच्या अधीक्षिकेचा चार्ज दिला की काय होतं ते आता कळतंय. बाई नसल्या की मुलींना भूकही लागत नाही, आणि बाई आल्या की सगळ्यांना एकदम लागते.

फोन केला नाही. टेकडीवर एक काडी रेंज येते, वाक्य अर्ध्यावर तुटतं. मग तुला वाटतं मी चिडून ठेवला, आणि मला वाटतं तू. तुटक्या रेंजमध्ये नवरा-बायकोचं भांडणसुद्धा धड होत नाही. त्यापेक्षा आपलं ठरलंय तेच बरं. ही चिठ्ठी संध्याकाळच्या एसटीच्या कंडक्टरकडे देते आहे.

आता गंमत ऐक. प्रवासात गिटारची पहिली तार तुटली. नवी घातली, पण लावणार कोण? दहा वर्षांत तू मला खुंटीला हात लावू दिला नाहीस. भाकरी थापता येते पण चूल पेटवता येत नाही, अशातली माझी गत. आमचे विज्ञानाचे गावित सर म्हणाले, "मॅडम, त्याला अ‍ॅप असतं." ते पेठला गेले तेव्हा माझा फोन घेऊन गेले आणि उतरवून आणलं. त्याला रेंज लागत नाही. कितवी तार ते निवडायचं आणि ती छेडायची, की पडद्यावर काटा हलतो. तार उतरलेली असेल तर डावीकडे, चढलेली असेल तर उजवीकडे, आणि बरोबर लागली की मधोमध हिरवा दिवा.

नवी तार सुरात चढवण्याआधी मी बाकीच्या पाच तपासल्या, तू परवा घरी लावून दिलेल्या. पाचही लाल! काटा पार उजव्या टोकाला जाऊन थरथरतो. म्हणजे तू लावलेली प्रत्येक तार चुकलेली. आम्ही सगळे हसलो. आमच्या स्वयंपाकघरातल्या कुसाबाई म्हणाल्या, "बाई, तो फोन खुळा हाय."

आता तूच सांग, काय करू? २६ जानेवारीसाठी मुलींचं गाणं बसवते आहे.

आईंना नमस्कार.

तुझी
चैताली

*

सातपूर कॉलनी, नाशिक
१६ जानेवारी २०२५

प्रिय चैताली,

कुसाबाईंना माझा नमस्कार सांग. तुमच्या शाळेत त्या एकट्याच शहाण्या दिसतात.

तू विचारलंस, काय करू. अ‍ॅप काढून टाक. आजच्या आज.

हे गमतीनं लिहीत नाही. माणसाच्या हातातलं एकेक काम काढून घ्यायचं आणि वर त्यालाच म्हणायचं, बघ, किती सोपं झालं! हा डाव मी वीस वर्षं कंपनीच्या गेटवर उभा राहून कामगारांना सांगत आलो. आधी हात घेतले. मग नजर घेतली. आता कान घ्यायला आलेत. आणि माणूस टाळ्या वाजवतो, कारण हिरवा दिवा लागला! कोणाचा दिवा? कोणी ठरवलं कुठे लागायचा? त्या डबीला तुझा गळा ठाऊक आहे? तिला आपलं गेट ठाऊक आहे?

आपल्या कलापथकाला पेटी कधी परवडली नाही, आणि लागलीही नाही. कंपनीचा तीनचा भोंगा चढतो, वर जाऊन स्थिरावतो, मग उतरतो. तो स्थिरावतो तेवढ्यात मी पाचवी तार त्याला जुळवतो, आणि पाचवीवरून बाकीच्या. प्रेस मशीनखाली डाव्या हाताची दोन बोटं गेली तेव्हा माझं वाजवणं संपलं. पण खुंटी पिळायला अंगठा आणि एक बोट पुरतं. ज्या कंपनीनं बोटं घेतली तिच्याच भोंग्यावर मी तार लावतो आणि तिच्याच दारात आपण गातो. हा सूर आपण हिसकावून घेतलेला आहे. तो चुकीचा आहे हे मला कुठल्यातरी लांबच्या प्रयोगशाळेनं सांगायचं?

आणि हे गावित सर कोण? तुझा फोन घेऊन ते पेठला गेले, म्हणजे दिवसभर तुझा फोन त्यांच्या खिशात. मी तुझा फोन कधी उघडला नाही, हे आठवत असेल. वय काय त्यांचं? लग्न झालंय का? मी सहज विचारतोय. आई विचारत होती.

१ मे जवळ येतोय. दरवर्षीप्रमाणे गेटवर कार्यक्रम, आणि 'आठ बोटांचं गाणं' तूच म्हणायचंस. ते मी अपघातानंतर लिहिलं ते तुझ्या गळ्यासाठीच. गेल्या वर्षीसारखं होऊ नये म्हणून गळ्याकडे लक्ष दे. सोबत ज्येष्ठमध पाठवतोय.

आणि बदलीचं मनावर घे. इथे दोघा-तिघांशी बोलून ठेवू का?

तुझा
कुंदन

*

आश्रमशाळा
२९ जानेवारी २०२५

प्रिय कुंदन,

गेटवरचं भाषण पोचलं. टाळ्या. माईक तोंडापासून जरा लांब धरत जा.

गावित सर आपल्याच वयाचे आहेत. लग्न झालंय, बायको अंगणवाडीत आहे, मुलगी पहिलीत. आईंना सांग. आईंनी विचारलं नसेल तरी सांग.

अ‍ॅप काढलं नाही. गिटार लागली. कशी लागली ते विचारू नकोस. लागली आणि वाजली. २६ जानेवारीला मुलींनी गाणं असं म्हटलं की गावातली म्हातारी माणसं झेंडा सोडून त्यांच्याकडेच बघत होती. मग मुलींनी मलाच धरलं, बाई तुम्ही म्हणा. मी 'आठ बोटांचं गाणं' म्हटलं.

कुंदन, ती वरची ओळ आली. गेल्या १ मे ला जिथे माझा आवाज फाटला आणि तू माईक ओढून घेऊन ओळ पूर्ण केलीस, लोकांनी तुला टाळ्या दिल्या, ती ओळ. इथे अंगणात उभी राहून सहज म्हटली. पुन्हा म्हटली, खरं वाटेना म्हणून. कुसाबाई तव्यावरची भाकरी टाकून दारात आल्या. म्हणाल्या, "बाई, आज गळा सुटला तुमचा. लय लांब गेला."

इथली हवा मानवली असेल.

ज्येष्ठमध मुलींनी खाऊन टाकलं. मला लागलं नाही.

आणि बदलीबद्दल. दोघा-तिघांशी बोलू का, असं विचारलंस म्हणून बरं. नको. या नोकरीची मी किती वर्षं वाट पाहिली ते तुझ्याइतकं कोणाला ठाऊक नाही. इथे मला काहीतरी जमायला लागलंय. माझ्या नावानं कोणाशीही बोलू नकोस.

तुझी
चैताली

*

सातपूर कॉलनी
२० फेब्रुवारी २०२५

चैताली,

सप्रेम नाही, नमस्कार नाही, विनंतीही नाही. विशेष तेवढं आहे.

पुंजा टेम्पो घेऊन तुमच्या शाळेत बाकं उतरवायला आला होता. तू त्याला जेवू घातलंस, आईसाठी नागलीचे पापड दिलेस, सगळं चांगलं केलंस. परत आल्यापासून तो माझ्याशी बोलेना. आपला ढोलकीवाला गप्प बसला म्हणजे काहीतरी फुटलंय हे समजायला अक्कल लागत नाही. टपरीवर धरला त्याला.

"काय झालं रे?"

"कुठं काय. काय नाय."

"पुंजा."

"अरे, ते सर गिटार लावत होते. वहिनी फोन धरून बसल्या होत्या शेजारी. बस. तू लगेच डोळे नको काढू."

बस! तो म्हणतो, बस!

ज्या खुंटीला मी तुला हात लावू दिला नाही, त्या खुंटीवर त्या माणसाचा हात. फोन तू धरणार, खुंटी तो पिळणार, आणि हिरवा दिवा दोघांनी मिळून बघायचा. मी काल दिवसभर हेच बघत होतो. स्टोअरमध्ये माल मोजताना हेच, युनियनच्या बैठकीत हेच. सेक्रेटरी मला बोनसबद्दल विचारतायत आणि माझ्या डोळ्यांसमोर व्हरांडा आहे, बाक आहे, आणि तो दहा बोटांचा माणूस.

आणि हवा मानवली म्हणे! दहा वर्षं माझ्याजवळ फाटणारा गळा माझ्यापासून लांब गेला की सुटतो. याचा अर्थ मी काय घ्यायचा? सातपूरच्या हवेत धूर आहे, मान्य. तो धूर मीही घेतो. माझा आवाज नाही फाटला.

तू म्हणशील, कुंदन जळतो. जळतो. मी हजार माणसांसमोर कोणाच्या बापाला न घाबरता बोललो, तर तुझ्यासमोर कशाला लपवू? तुझ्या गाण्यात माझ्या वाट्याला एकच काम उरलं होतं. कोणी गिटार वाजवायचं, कोणी ढोलकी, कोणी टाळ. मी आधी येऊन तारा लावायच्या आणि बाजूला व्हायचं. लोकांना ते दिसत नसे. मला दिसत असे. ते काम तू एका डबीला दिलंस, आणि डबीच्या मदतीला माणूस नेमलास.

१ मे ला त्यांनाच घेऊन ये. माईक लावायलाही लागेल कोणीतरी.

कुंदन

*

आश्रमशाळा
२ मार्च २०२५

कुंदन,

तीन गोष्टी आहेत. शांतपणे लिहिते आहे, पण शांत आहे असं समजू नकोस.

परवा मुख्याध्यापकांनी बोलावलं. "बोराडे मॅडम, जाणार म्हणे तुम्ही? नाशिकच्या कोणी पुढाऱ्यानं तुमच्या बदलीसाठी वर शब्द टाकलाय." मी उभीच राहिले. त्यांनी पाणी दिलं.

मी नको म्हटलं होतं. तुझ्या प्रत्येक भाषणात तो शब्द असतो. कामगार नको म्हणतो तेव्हा मालकानं ऐकलं पाहिजे, यासाठी तू गेटवर उपाशी बसला आहेस, मी तुझ्या उशाशी बसले आहे. माझं 'नको' कुठे गेलं? की ते घराच्या गेटच्या आत चालत नाही?

दुसरी गोष्ट. पुंजाभाऊंनी गावित सरांचा हात सांगितला, माझा नाही सांगितला? नसणारच, मीच त्यांना शपथ घातली होती. आमटीचं पातेलं उतरवताना माझा उजवा हात मनगटापर्यंत भाजला. मलम लावून गुंडाळलेला होता. मुलींना वाजवायला शिकवतो आहोत, गिटार उतरली होती. म्हणून खुंटी त्यांनी पिळली आणि फोन मी डाव्या हातात धरला. तुला कळवलं नाही, कारण कळवलं असतं तर दुसऱ्या दिवशी तू बदलीचा कागद घेऊन दारात उभा राहिला असतास. बघ, न कळवताही राहिलासच.

तिसरी गोष्ट मला कधीच सांगायची नव्हती. तू सांगायला लावलीस.

हवा नाही मानवली.

त्या दिवशी आम्ही सगळे हसलो, अ‍ॅप खुळं म्हणून. दुसऱ्या दिवशी गावित सरांनी तुझ्या पाचही तारा पुन्हा एकेक छेडून पाहिल्या. म्हणाले, "मॅडम, अ‍ॅप खुळं नाही. आणि ज्यानं लावली तोही नाही. या पाच तारा एकमेकींशी अशा जुळल्यात की केसाचं अंतर नाही. कानानं एवढं लावणारा माणूस मी पाहिलेला नाही. फक्त अख्खी गिटारच जवळजवळ एक सूर वर उचललेली आहे. हे कशाला जुळवलंय?"

मला सांगता आलं नाही, कुंदन. कंपनीच्या भोंग्याला, हे शब्द तोंडातून निघेनात.

मग सगळ्या तारा उतरवल्या, हिरवा दिवा लागेपर्यंत. त्या पट्टीत मी स्वतः पहिल्यांदा म्हटलं ते २६ जानेवारीला, आणि त्याच गाण्यात गळा सुटला. पहिली तार सारखी तुटायची आणि आपण तारा बनवणाऱ्यांना शिव्या घालायचो. इथे ती एकदाही तुटलेली नाही.

मी दहा वर्षं भोंग्याच्या पट्टीत गायले. गुळण्या केल्या, घशाच्या डॉक्टरांकडे खेपा घातल्या. तू चारचौघांत म्हणालास, हिचा रियाझ कमी पडतो. मीही तेच धरून चालले की चुकतो तो माझा गळा. भोंगा चुकत असेल हे ना तुझ्या मनात आलं ना माझ्या. तो माणसांना कामावर बोलवायला लावलाय. गायला नाही.

तू यंत्रावर रागावलास. तुझी बोटं नेली ते यंत्र मी पाहिलं आहे, त्याच्यासमोर उभी राहून रडले आहे. हे ते नाही. आणि ज्याला तू माझा गळा बांधलास तेही यंत्रच होतं. फक्त ते कंपनीच्या छपरावर होतं, म्हणून तुला आपलं वाटलं.

तुझ्या कानाची स्तुती मी तुझ्यापासून लपवली, कारण ती सांगताना पुढचंही सांगावं लागलं असतं.

१ मे ला येईन की नाही ते आज सांगत नाही. येईन तर त्या पट्टीत गाणार नाही. आणि बदलीचा शब्द मागे घेतल्याशिवाय कंडक्टरकडे चिठ्ठी देऊ नकोस. मी घेणार नाही.

चैताली

*

सातपूर कॉलनी
१२ एप्रिल २०२५

चैताली,

चिठ्ठी दिली, म्हणजे शब्द मागे घेतला. मुख्याध्यापकांकडून खात्री करून घे.

हात कसा आहे? पुंजाला विचारलं, का नाही सांगितलंस. म्हणाला, "शपथ होती. आणि तू त्या दिवशी ऐकण्यासारखा होतास का?"

पुढाऱ्याकडे जायला मला वेळ लागला. वीस वर्षांत ज्याच्या दारात कधी गेलो नाही, त्याच्याकडे एकदा मागायला गेलो आणि आता नको सांगायला. त्याच्या बैठकीत सात-आठ माणसं होती. तो हसून म्हणाला, "काय कुंदनराव, मालकाला घाबरत नाही, बायकोला घाबरता?" मी म्हटलं, "तिनं नको म्हटलं होतं. मी ऐकलं नव्हतं." पुढे बोलायला खूप होतं, तुला माहीत आहे मी कसा बोलतो. पण तेवढंच बोललो. निघून आलो.

आता भोंग्याचं.

तुझी चिठ्ठी वाचून मी बरेच दिवस एकच घोकत होतो, अ‍ॅप खोटं आहे. शेवटी पुंजाला म्हटलं, माझ्या फोनमध्ये घाल ते. त्यानं माझ्या कपाळाला हात लावून पाहिला. आम्ही तीनच्या आधी गेटवर गेलो. दुसऱ्या शिफ्टची पोरं आत चालली होती, आणि मी छपराकडे फोन धरून उभा. एक जण म्हणाला, "भाऊ, भोंग्याबरोबर सेल्फी काय?" दुसरा म्हणाला, "गप ए, पुरावा गोळा करतायत."

तार निवडली नाही, की ते कानावर येईल त्या सुराचं नाव दाखवतं. भोंगा चढला. काटा वेड्यासारखा पळत सुटला. मग तो वर जाऊन स्थिरावला, आणि काटाही स्थिरावला. हिरवा दिवा लागला, चैताली! भोंगा सुरात आहे. फक्त तो सूर आपला नाही. पाचव्या तारेला 'ए' नावाचा सूर हवा. पडद्यावर त्याच्या वरचा 'बी' आला होता, स्वच्छ. दुसऱ्या दिवशी पुन्हा गेलो. पुन्हा 'बी'. तिसऱ्या दिवशी पुंजा यायला तयार नव्हता.

टपरीवाल्या राजूनं चहा दिला. पुंजा म्हणाला, "मग आता मागणीपत्र देऊ मॅनेजमेंटला. कलम एक, बोनस. कलम दोन, भोंगा एक सूर खाली आणा." सगळी टपरी हसली. मी हसलो नाही. मग हसलो. मग मला गेल्या १ मे चा तुझा चेहरा आठवला, मी माईक ओढला तेव्हाचा, आणि चहा तसाच ठेवून उठलो.

कलापथक एक सूर खाली आणलं आहे. गिटार तुझ्याकडे, म्हणून फोनमधूनच सूर काढून तालीम घेतो. पुंजानं ढोलकी उतरवली; उतरवताना मला ज्या शिव्या घातल्या त्या तुझ्या मुलींच्या शाळेत पाठवण्यासारख्या नाहीत. कोरसवाल्यांना पहिले काही दिवस खाली जमेना. इतकी वर्षं आपण गातोय असं समजत होतो, अर्धे जण ओरडत होते. आता जमतंय. आई दारात येऊन म्हणाली, "आज भांडण नाही वाटतं?"

इथे चिठ्ठी संपवून टाकणार होतो. पण तुला वाटेल, कुंदन सुधारला. तसं नाही.

मी अजून जळतो. त्या हिरव्या दिव्यावर जळतो, कारण माझ्या कोणत्याही कामावर असा दिवा कधी लागला नाही. गावित सरांवर तर जळतोच, आणि त्यांनी माझ्या कानाला चांगलं म्हटलं म्हणून आणखीच. पण ते खुंटीवरच्या हाताचं उरलेलं नाही. तुझा गळा मोकळा सुटला तो त्यांनी ऐकला. कुसाबाईंनी ऐकला. मुलींनी, झेंड्यासमोरच्या म्हाताऱ्यांनी, समोरच्या डोंगरानं ऐकला. दहा वर्षं शेजारी उभा असलेला मी एकटाच असा आहे की ज्यानं अजून ऐकलेला नाही.

१ मे ला ये. येणार नसशील तर नको म्हण. ऐकेन.

कुंदन

*

आश्रमशाळा
२३ एप्रिल २०२५

प्रिय कुंदन,

हात बरा आहे. नवी कातडी आली आहे, मुली तिला 'बाईंचा गुलाबी हात' म्हणतात. मुख्याध्यापकांनी सांगितलं, वरून पुन्हा काही विचारणा नाही. बदली मला हवी झाली की मीच मागेन. अजून झालेली नाही.

३० एप्रिलच्या एसटीनं येते.

गावित सरही येणार आहेत, बायको आणि मुलीला घेऊन. त्यांना म्हणे तो कान बघायचा आहे. मी म्हटलं, सर, कान बघण्यासारखा काही नाही, जरा मोठा आहे. पहिल्या रांगेत बसतील. चेहरा नीट ठेव. आणि कुसाबाईंनी तुझ्यासाठी चटणी दिली आहे. "भाऊंना तिखट मानवत असंल" असं त्या स्वतःहून म्हणाल्या, मी काही सांगितलं नव्हतं.

घाटात धक्के बसतात, म्हणून सहाही तारा ढिल्या करून आणते आहे. लावाव्या लागतील. १ मे ला कंपनीला सुट्टी, त्या दिवशी भोंगा होत नाही. दरवर्षी तू आदल्या दिवशीच लावून ठेवायचास. या वर्षी ठेवू नकोस.

कार्यक्रमाआधी युनियनच्या खोलीत दार लावून घेऊ. तू, मी आणि गिटार. पुंजाभाऊ बाहेर. फोन माझ्या पिशवीत असेल, पिशवी बंद असेल. मी तुझ्यासमोर बसून सूर देईन, माझ्या गळ्यातून सहज निघेल तो. तू पाचवी तार त्याला जुळव. अंगठा आणि एक बोट पुरेल. मग पाचवीवरून बाकीच्या.

सगळ्या झाल्या की पिशवी उघडून बघू, दिवा लागतो का.

नाही लागला, तरी तसंच गायचं.

तुझी
चैताली